लातूरची रुई

माझा डावा हात खांद्याच्या वर जात नाही. सदरा घालताना बायको आधी डावी बाही चढवते, मग मला धरून फिरवते, मग उजवी बाही. बटणंही तीच लावते आणि वर शेजारणींना सांगते, एवढा मोठा खेळाडू, पण सकाळी उठून लेकरासारखा तयार करावा लागतो. मी ऐकू आलं नाही असं दाखवतो. दुकानात उशी-गादी न्यायला आलेल्या पोरांच्या मोबाईलवर आता रग्बी दिसते. पगारी खेळाडू, रंगीत कपडे, दिवे, गाणी. मी त्यांना म्हणतो, हा खेळ खेळून मी पगार घेतलाय, पुण्यात घेतलाय, मुंबईत घेतलाय आणि दोन हंगाम कोलंबोत घेतलाय. ती एकमेकांकडे बघतात. नांदेडच्या इतवाऱ्यात गाद्या विकणारा म्हातारा काहीतरी ठोकतोय, असं त्यांच्या तोंडावर लिहिलेलं असतं. मला त्यांच्या विश्वासाची गरज नाही. मला इथं लिहायचंय ते या खांद्याबद्दल, आणि हा खांदा कुणाचा यावरून आमच्या घरात जी लढाई झाली तिच्याबद्दल. ती लढाई मी जिंकलो असं सगळे म्हणतात.

आम्ही पिंजारी. आजोबा बिलोलीकडून नांदेडला आले आणि एका बोळाच्या तोंडाशी त्यांनी दुकान टाकलं. पुढे दुकान, मागे दोन खोल्या, मधे अंगण आणि अंगणाच्या कडेला पडवी. पडवीच्या आढ्याला दोरीनं कमान टांगलेली असायची. कमान म्हणजे माणसाच्या उंचीचा लाकडी दांडा आणि त्याला ताणून बांधलेली आतड्याची तात. डाव्या हातानं कमान पेलायची आणि उजव्या हातातल्या मुठ्यानं, म्हणजे लाकडाच्या ठोकळ्यानं, तातेवर मारायचं. तात थरथरली की खालची दबून बसलेली रुई सुटी होऊन वर उडते. तुंण्ण, तुंण्ण, तुंण्ण. इतरांना लहानपणची म्हणून अजान आठवते, कोंबडा आठवतो, आईच्या बांगड्या आठवतात. मला फक्त ती तात आठवते. अजूनही कुणी घट्ट दोरीला बोट लावलं तरी माझं डोकं उठतं.

रुई सगळीकडे असायची. भुवयांवर, चहावर, दिव्याच्या काचेत, अब्बांच्या दाढीत. अम्मी एका हातानं ताटावर फडकं धरायची आणि दुसऱ्या हातानं खट्टी दाळ वाढायची, तरी दाळीवर एखादं पांढरं तूस तरंगायचंच. ज्वारीची भाकरी मोडली की पापुद्र्यात रुई, अंबाडीच्या भाजीत रुई. शुक्रवारी तहारी, म्हणजे मसाल्याचा भात, व्हायची, त्या दिवशी दुपारी काम बंद, तर तेवढ्या एका जेवणात तोंडात काही अडकायचं नाही. अब्बा जेवताना बोलत नसत. खोकत. खोकून झालं की पाणी प्यायचे आणि पुन्हा कमानीकडे बघायचे, म्हणजे मी समजायचं की उठायचं आहे. घरात आम्ही दखनी बोलायचो. पण अब्बांना राग आला की ते मराठीवर यायचे, कारण बोळातल्या प्रत्येकाला कळलं पाहिजे. त्यामुळे माझ्या लहानपणातलं त्यांचं बहुतेक बोलणं मला मराठीत आठवतं.

कामात मात्र त्यांच्यासारखा माणूस पुऱ्या नांदेडात नव्हता, हे मला दात-ओठ खाऊन का होईना लिहावं लागेल. गादी भरून, शिवून झाली की ते डोळे मिटून तिच्यावरून तळहात फिरवायचे. एक गुठळी, एक सरकी, एक बारीकसा खडा जरी हाताला लागला तरी सगळी गादी उसवायची, रुई पुन्हा पिंजायची, पुन्हा भरायची. गिऱ्हाईक म्हणायचं, राहू द्या मदारसाब, एवढ्यानं काय होतंय. ते ऐकायचे नाहीत. माणूस झोपंत असताना त्याला काही टोचलं तर ते पाप पिंजाऱ्याच्या नावावर लिहिलं जातं, असं त्यांचं म्हणणं. त्यांनी ठेवलेली सरकी असो की माझ्या हातून राहिलेली, मुठ्याचा फटका माझ्याच पाठीत बसायचा.

गिऱ्हाइकाच्या घरी जाऊन गाद्या पिंजून द्यायची तेव्हा रीत होती. लग्नघर असलं की पिंजाऱ्याला अंगणात बोलवायचे. तिथं आढं नाही, दोरी नाही, सगळी कमान डाव्या खांद्यावर पेलायची. अब्बांचा खांदा त्यातच गेला. मी सातवी-आठवीत असेन, त्यांचा हात थरथरायला लागला, आणि तेव्हापासून कमान माझ्याकडे आली. सकाळी शाळेआधी, दुपारी शाळेनंतर. माझा डावा खांदा उजव्यापेक्षा मोठा झाला, सदरे एका बाजूला उसवायला लागले. पाहुणे आले की अब्बा मला हाक मारायचे आणि म्हणायचे, दाबून बघा. बाजारात बैलाचं वशिंड दाबतात तसे पाहुणे माझा खांदा दाबायचे. मी उभा राहायचो. तेव्हा मला त्यांचा जो तिरस्कार वाटायचा तो मी कुणाला सांगितला नाही, कारण आमच्याकडे बापाबद्दल असं कुणी बोलत नसे.

गजभारे मास्तर आमच्या शाळेत खेळाचे शिक्षक म्हणून आले ते लष्करातून निवृत्त होऊन. नाक बसलेलं, एक कान चुरगळलेला. त्यांच्याकडे कोहळ्याच्या आकाराचा एक चेंडू होता. तो त्यांनी मैदानात टाकला, तो वेडावाकडा उड्या मारत गेला, आणि ते म्हणाले, पळा आणि एकमेकांना पाडा. नियम त्यांनी नंतर हळूहळू सांगितले. चेंडू हातात घेऊन पळायचं, पुढे फेकायचा नाही, मागच्याला द्यायचा, आणि समोरचा घेऊन पळतोय त्याला खांद्यानं धडक देऊन, मांड्यांना मिठी मारून जमिनीवर आणायचं. बाकीची पोरं पाडताना हात पुढे करायची. मी खांदा पुढे केला. समोरचं पोरगं खाली गेलं, उठेना. मास्तरांनी शिट्टी वाजवायची सोडून माझ्याकडे बघितलं. त्यांनीही माझा खांदा दाबून बघितला. ते मला त्याच दिवशी खटकायला हवं होतं.

आमच्या बोळात या खेळाला कुणी नाव ठेवलं नव्हतं, ते अब्बांनी ठेवलं. हल्याचा खेळ. रेडे टकरा घेतात तसा. माझा एक दात पडला तेव्हा ते काही बोलले नाहीत. ओठ फाटला तेव्हाही नाही. पण एकदा मी खांदा धरून घरी आलो, कमान उचलली आणि कळ येऊन खाली ठेवली, त्या दिवशी ते मराठीवर आले. आई-बापाच्या जिवावर उठलेलं कार्टं इथपासून सुरुवात झाली आणि मास्तरांच्या खानदानावर संपली. माझ्या दातापेक्षा, ओठापेक्षा, डोक्यापेक्षा त्यांना खांदा प्यारा आहे, हे मला त्या दिवशी नीट कळलं.

मास्तरांच्या कानावर हे गेलं आणि ते थेट दुकानात आले. गादीची खोळ घेऊन एक बाई बसल्या होत्या, त्यांच्यासमोरच सुरू झालं. पुण्याच्या एका कारखान्याच्या मालकाला या खेळाचं वेड होतं, तो पोरं निवडायचा, त्यांना नोकरी द्यायचा आणि कामाच्या नावाखाली खेळायला लावायचा. त्या मालकाची सासुरवाडी लातूरची, म्हणून यंदा निवड लातूरला होती. मास्तरांना मला तिथं न्यायचं होतं. ते अगदी नरमाईनं बोलत होते.

"मदारभाई, पोराचा खांदा लई भारी हाय. असा खांदा मी पलटनीत बी बघितला न्हाई."

अब्बा शिवत होते. सुई खाली न ठेवता म्हणाले, "हाय ना. म्या घडवलाय तो, ह्या कमानीवर. तुम्ही आयता उचलून राहिले."

"खांदा त्याचा हाय. तुमचा न्हाई."

"त्याचा? मंग त्याला विचारा, इतकी सालं त्या खांद्याला खाऊ कुणी घातलं."

मला मात्र कुणीच विचारलं नाही. मी दोघांच्या मधे उभा होतो, कानात रुई, हातात मुठ्या. खोळवाल्या बाई एकदा यांच्याकडे, एकदा त्यांच्याकडे बघत होत्या. मला अब्बांचा राग आला हे तर नेहमीचंच, पण त्या दिवशी मास्तरांचाही आला. दोघं एकाच वस्तूचा भाव करत होते. तरी मी लातूरला जाणार हे मनात ठरलेलं होतं, कारण एकाच्या तावडीतून सुटायचं तर दुसऱ्याचा हात धरावाच लागतो. मास्तर गेल्यावर मी अब्बांना सांगितलं, मी जाणार. त्यांनी दोरा दातानं तोडला आणि सुईत दुसरा ओवला.

त्यानंतरचे दिवस घरात तात वाजायची तेवढीच. अब्बांनी अम्मीकडून माझा एक जुना सदरा मागून घेतला आणि ते दुकानाच्या मागच्या कोपऱ्यात पाठ करून बसले. निघायच्या आदल्या दिवशी दुपारी मी जेवत असताना त्यांनी माझ्या ताटाशेजारी काहीतरी टाकलं. मांजरपाटाची बंडी होती. दुहेरी कापड, डाव्या खांद्यावर आणि गळ्याच्या हाडावर नवी रुई भरलेली, वर लग्नाच्या गादीला घालतात तसे बारीक, जवळजवळ टाके. मी हात लावला नाही तरी मला दिसत होतं की तसं काम त्यांनी कुठल्या नवरीच्या गादीलाही केलं नव्हतं.

"हे घालून जायचं. न्हाईतर उंबऱ्याभाईर पाय टाकायचा न्हाई."

लोकांना इथं डोळ्यांत पाणी आणायची सवय असते. ही गोष्ट मी एकदोन ठिकाणी सांगितली तेव्हा ऐकणारे म्हणाले, बापाची माया. माया कसली. आपली कमान कुणी उसनी नेली तर अब्बा तिलाही गोधडीत गुंडाळून द्यायचे. अम्मीनं माझा हात स्वतःच्या डोक्यावर ठेवून घेतला आणि बंडी घालीन असं वदवून घेतलं. मी कबूल केलं. लोहा गाव गेलं की एसटीतच काढून पिशवीत कोंबायची, असा माझा बेत होता.

सकाळी स्टँडवर गेलो तर अब्बा आधीच गाडीत बसलेले. म्हणाले, लातूरला रुई बघायची हाय. नांदेडात रुईचे डोंगर पडलेले असायचे आणि हे लातूरला रुई बघायला निघाले होते. मास्तरांनी कपाळाला हात लावला. अब्बा पुढच्या बाकावर, मी आणि मास्तर पार मागे. लोहा गेलं, अहमदपूर गेलं, त्यांनी एकदाही वळून बघितलं नाही. मधे कुठंतरी त्यांनी फडक्यातली भाकरी सोडली, आपली खाल्ली, आणि माझ्या वाटणीची, वर ठेचा आणि कांदा घालून, कंडक्टरच्या हाती मागे पाठवली. कंडक्टर तिकिटं फाडत फाडत ती घेऊन आला आणि म्हणाला, हे म्हाताऱ्यानं दिलंय, भांडण हाय काय तुमचं. सगळी गाडी हसली. बंडी माझ्या अंगातच होती, आत घामानं अंग चिकट झालं होतं, आणि ती काढायची सोय राहिली नव्हती.

मैदान एका शाळेचं होतं. लाल मुरमाचं, कडक, वर बारीक खडे. आम्ही तिथं पोचलो तेव्हा वारा सुटला होता. आजूबाजूच्या तालुक्यांतली पोरं जमली होती आणि त्यांत शिरूर अनंतपाळचा एक दांडगा होता, ज्याच्या मांड्या माझ्या कमरेएवढ्या होत्या. निवड करणारे साहेब काळा चष्मा लावून खुर्चीत बसलेले, बाजूला छत्री धरायला माणूस. मी जर्सी चढवली तर बंडीमुळे एका बाजूला कुबड आल्यासारखं दिसायला लागलं. पोरांनी लगेच नाव ठेवलं, कुबड्या. अब्बा मैदानाच्या कडेला बाभळीखाली उकिडवे बसले, खांद्यावर त्यांचा मोठा रुमाल.

खेळ सुरू झाला आणि पहिल्या काही मिनिटांतच मला कळलं की मी गेलो. पाडताना आपला खांदा समोरच्याच्या मांडीला भिडला पाहिजे, तो भिडला हे हाडाला कळलं पाहिजे, मग हात आपोआप मिठी मारतात. मला काही कळतच नव्हतं. मधे रुई येत होती. शिरूरचा दांडगा माझ्या अंगावरून दोनदा निघून गेला. साहेबांनी मास्तरांकडे बघून मान हलवली. तिसऱ्यांदा मी त्याला धरायला गेलो, त्यानं माझी जर्सी खांद्यापाशी मुठीत पकडली आणि झटका दिला. जर्सी फाटली, खालचं मांजरपाट फाटलं, ते सगळे बारीक टाके एकापाठोपाठ उसवत गेले आणि रुई बाहेर आली. नवी, पिंजलेली, हलकी रुई. वाऱ्यानं ती उचलली आणि सगळ्या मैदानभर नेली.

हसणं म्हणजे काय ते मी त्या दिवशी ऐकलं. पोरं जमिनीवर बसून हसत होती. छत्री धरणारा हसत होता. साहेबांनी चष्मा वर केला आणि विचारलं, "अरे, रग्बी खेळायला आलास का गाद्या विकायला?"

आणि मग अब्बा मैदानात आले. मला वाटलं मला मारायला येतायत. पण त्यांनी माझ्याकडे बघितलंही नाही. त्यांनी रुमाल जमिनीवर पसरला आणि वाकून रुई गोळा करायला लागले. पळणाऱ्या पोरांच्या मधून, एकेक पुंजका उचलत, खड्यांसकट, मुरमासकट. पिंजारी रुईवर पाय देत नाही आणि दुसऱ्याला देऊ देत नाही, हे त्या मैदानात फक्त आम्हा दोघांनाच माहीत होतं. शिट्ट्या वाजत होत्या. मास्तर धावत गेले आणि त्यांचा दंड धरून त्यांना बाहेर काढायला लागले. अब्बांनी दंड सोडवून घेतला. साहेब म्हणाले, बाबा, बाजूला व्हा, खेळ थांबलाय. अब्बा रुमालाची गाठ मारून उभे राहिले आणि साहेबांच्या खुर्चीसमोर गेले.

"साहेब, तुम्ही पोरगं नेताय. ह्याचा खांदा गेला तर ह्याला कोण बघणार?"

"काही होत नाही हो. खेळाडू आहे तो."

"म्या तुम्हाला नाव विचारून राहिलो. एका माणसाचं नाव सांगा."

साहेब मास्तरांकडे बघून हसले. मास्तर खाली बघत होते. मला तेव्हा साहेबांचा राग आला नाही, मास्तरांचा आला नाही. मला राग आला अब्बांचा, इतका की डोळ्यांपुढे काही दिसेना. एवढ्या लोकांत, एवढ्या उन्हात, ते पुन्हा त्या खांद्याचाच सौदा करत होते. मी उरलेली बंडी फाडून काढली आणि त्यांच्या पायाशी फेकली. त्यांच्याशी आयुष्यात पहिल्यांदा मी मराठीत बोललो, सगळ्यांना कळावं म्हणून.

"हे घ्या तुमचं. खांदा माझा हाय."

अब्बांनी बंडी उचलली, झटकली, रुमालात घातली आणि मैदानाबाहेर चालत गेले. मी उघड्या अंगावर फाटकी जर्सी घेऊन पुन्हा उभा राहिलो. शिरूरचा दांडगा पुन्हा चेंडू घेऊन आला. या वेळी खांदा भिडला. हाडाला हाड लागलेलं मला कळलं, तो वर उचलला गेला आणि मुरमावर पाठीवर आदळला, आणि मी त्याच्यावर. असा आनंद मला पुढे आयुष्यात फार वेळा झाला नाही. तो आठवला की आजही अंगावर काटा येतो आणि खांद्यातून कळ जाते, दोन्ही एकदम. साहेबांनी माझं नाव विचारून घेतलं तेव्हा मी बाभळीकडे बघितलं. तिथं कुणी नव्हतं. अब्बा एकटेच स्टँडवर गेले होते.

मी पुण्याला गेलो. जायच्या आधी पिशवी भरत होतो तेव्हा अब्बा मागच्या खोलीत दार लावून काही शिवत बसले होते, बाहेर आले नाहीत. मी सलाम केला तो दाराला. पहिल्या ईदला सुट्टी घेऊन आलो तर बोळाच्या तोंडापासूनच घरघर ऐकू येत होती. पडवीतली कमान गेली होती आणि तिच्या जागी विजेवर चालणारं पिंजायचं मशीन बसवलेलं होतं. अब्बांनी मला बघितलं आणि अम्मीला ओरडून म्हणाले, "जब्बार चालू कर." जब्बार माझं नाव. मशीनचंही तेच ठेवलं होतं. सगळ्या बोळाला पाठ झालं होतं. शेजारचा पानवाला म्हणायचा, आज जब्बार लई आवाज करून राहिला. अब्बा गिऱ्हाइकांना सांगायचे, हा पोरगा बरा हाय, पळून जात न्हाई. मी शिरखुर्म्याची वाटी तशीच ठेवून उठलो आणि संध्याकाळच्या गाडीनं परत गेलो.

पुढचं थोडक्यात सांगतो, कारण त्यात सांगण्यासारखं इतरांनाच जास्त वाटतं. कारखान्याकडून खेळलो, मग मुंबईच्या क्लबाकडून, मग कोलंबोच्या एका क्लबानं पगार देऊन बोलवलं. समुद्राची हवा, हिरवं गवत, खाली पडलं तरी खरचटत नाही असं मैदान. तिथले खेळाडू जर्सीच्या आत खांद्यावर पातळ स्पंजाची बंडी घालायचे. दुकानात मिळायची, नियमात बसायची. मला पहिल्यांदा दाखवली तेव्हा मी खोलीतून बाहेर निघून गेलो. मी ती कधी घातली नाही. पुन्हा तरुण झालो तरी घालणार नाही. खांदा निखळला, बसवला, पुन्हा निखळला, आणि एका सामन्यात असा गेला की हात लोंबायला लागला. क्लबानं हार घालून निरोप दिला. पुण्यात शस्त्रक्रिया झाली, तोवर कारखान्याच्या मालकाचं वेड उतरलं होतं आणि संघ बंद पडला होता. काही वर्षांपूर्वी लातूरलाच माझा सत्कार झाला. शाल अंगावर टाकली, ती पडक्या खांद्यावरून दर दोन मिनिटांनी घसरत होती. मी शेजारच्या अध्यक्षांना विचारलं, खांदा गेलेल्या खेळाडूला तुमच्याकडं कोण बघतं, एका माणसाचं नाव सांगा. त्यांनी माझ्यासाठी चहा मागवला.

हात गळ्यात बांधून नांदेडला परत आलो तेव्हा अब्बा बरेच थकले होते. मशीन सुरू होतं. मी भांडायची सगळी तयारी करून आलो होतो. गाडीत बसल्या बसल्या उत्तरं जुळवली होती. ते म्हणणार, बघ, म्या सांगितलं होतं, आणि मग मी वर्षानुवर्षं साठलेलं सगळं बाहेर काढणार. अब्बा उठले, माझ्याजवळ आले, सदऱ्याची बाही मागे सारली, डोळे मिटले आणि खांद्यावरून तळहात फिरवला. हाड जिथं वर आलं होतं तिथं त्यांची बोटं थांबली. दाबली नाहीत. "गुठळी राहिली," एवढंच म्हणाले आणि जाऊन मशीनपाशी बसले. मरेपर्यंत त्यांनी खांद्याचा विषय काढला नाही. माझं भांडण त्यांनी माझ्याजवळच ठेवलं, आणि ते मी त्यांना माफ केलेलं नाही.

डॉक्टरांनी सांगितलं होतं, झोपताना बगलेखाली लहान उशी घ्यायची. मी अम्मीला उशी मागितली. गाद्यावाल्याच्या घरात उशांना काय तोटा. पण अम्मीनं ट्रंक उघडली आणि तळातून एक काढून दिली. मांजरपाटाची, बारीक, बगलेत बसेल एवढीच. कापडावर जुन्या टाक्यांच्या खुणा मी ओळखल्या. मी तिच्यावर खांदा टेकला आणि काहीतरी टोचलं. आत खडे होते. लाल मुरमाचे खडे. एका सरकीसाठी अख्खी गादी उसवणाऱ्या माणसानं ती रुई न पिंजता भरली होती. अम्मी म्हणाली, तू पुण्याला निघाला त्याच दिवशी शिवली त्यांनी. मी त्यांना म्हटलं, पिंजून तर भरा. तर म्हणाले, टोचू दे त्याला.

मी तिथंच बसलो. माझा खांदा तेव्हा शाबूत होता, लातूरला मी जिंकलो होतो, पिशवी भरून गाडीला निघालो होतो, आणि हे गृहस्थ दार लावून त्या खांद्यासाठी उशी शिवत होते. इतकी त्यांची खात्री. अब्बा बरोबर होते आणि ते बरोबर होते याचा मला आजही राग येतो, त्या मैदानातल्यापेक्षा जास्त. आता ते नाहीत, अम्मी नाही. मशीन आहे. बायको म्हणते, द्या ती उशी, पिंजून देते, बटण दाबायचा उशीर. मी देत नाही. दुपारी दुकान लावून घेतलं की आडवा होतो, उशी बगलेखाली घेतो, खडा टोचतो, आणि मी अब्बांना मराठीत, बोळाला ऐकू जाईल अशा आवाजात, मनाला येईल ते बोलून घेतो. मग कूस न बदलता झोपतो.